पुनर्मूल्यांकनाचा निकाल रखडला तर हायकोर्टात काय मागावं

पुनर्मूल्यांकनाची याचिका घेऊन येणाऱ्या विद्यार्थ्याचं पहिलं वाक्य बहुधा ठरलेलं असतं: "माझा पेपर चांगला गेला होता, तरी नापास केलं." हायकोर्टात हे वाक्य फारसं चालत नाही. चालतं ते दुसरं: "मी नियमाप्रमाणे अर्ज केला, पैसे भरले, मुदत संपली, अजून निकाल नाही, आणि पुढच्या परीक्षेचा फॉर्म अमुक तारखेला बंद होतोय." पहिल्या वाक्यात गुण मागितलेत, दुसऱ्यात तारीख. विद्यार्थ्यांच्या अशा याचिका तयार करण्याचं काम आम्ही करतो. अर्ध्याअधिक अडचणी या दोन मागण्यांची सरमिसळ झाल्यामुळे येतात, असं आमचं स्पष्ट मत आहे.

गुणांच्या बाबतीत न्यायालयं हात आखडता का घेतात, ते आधी सांगतो. पुनर्मूल्यांकन हा विद्यार्थ्याचा उपजत हक्क नाही, नियमात तरतूद असेल तरच तो मिळतो. 1984 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे सांगितलं तेही महाराष्ट्राच्याच प्रकरणात. राज्य मंडळाच्या परीक्षेत पुनर्मूल्यांकनाला आणि उत्तरपत्रिका दाखवायला मनाई करणारे नियम मुंबई उच्च न्यायालयाने रद्द केले होते, ते परितोष शेठ प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा कायम केले. पुढे डिसेंबर 2017 मध्ये रणविजय सिंह प्रकरणात या विषयावरची सगळी सूत्रं एका जागी मांडली गेली: नियमात तरतूद असेल तर संस्था पुनर्मूल्यांकन करू शकते, तरतूद नसेल तर चूक इतकी उघड हवी की ती दाखवायला तर्काचा आधार घ्यावा लागू नये, न्यायाधीशांनी स्वतः पेपर तपासायला बसू नये, आणि शंका उरली तर फायदा परीक्षा घेणाऱ्याला. म्हणजे "या उत्तराला 4 नव्हे, 7 गुण हवेत" हा युक्तिवाद दारातच अडतो.

उशीर मात्र वेगळ्या खात्यात पडतो. पुनर्मूल्यांकनाचा नियम विद्यापीठाचाच, शुल्कही त्यानेच घेतलेलं. म्हणजे काम पूर्ण करणं हे कायदेशीर कर्तव्य झालं. ते कर्तव्य, ते पार पाडण्याची लेखी मागणी, आणि मागणीला नकार किंवा मौन, या तीन गोष्टी कागदावर दिसल्या की घटनेच्या कलम 226 खाली परमादेश, म्हणजे मँडॅमस मागता येतो. इथे न्यायालयाला कोणाचं उत्तर बरोबर ते ठरवायचं नसतं, त्यामुळे न्यायमूर्तींनाही अवघडल्यासारखं होत नाही.

निकाल नेमका अडतो कुठे

पुनर्मूल्यांकन म्हणजे दुसऱ्या प्राध्यापकाने पेपर परत तपासायचा, इतकंच बाहेरून दिसतं. आत साखळी लांब आहे. अर्ज पोर्टलवर येतो, पण भरलेलं शुल्क बँकेच्या नोंदीशी जुळेपर्यंत तो पुढे सरकत नाही. मग उत्तरपत्रिका शोधायची. कागदी तपासणी असेल तर कॅप सेंटरच्या, म्हणजे मध्यवर्ती तपासणी केंद्राच्या, गठ्ठ्यातून, पडद्यावरची तपासणी असेल तर बारकोडवरून स्कॅन प्रत. त्यानंतर मूळ परीक्षकापेक्षा वेगळा, पात्र आणि शक्यतो दुसऱ्या महाविद्यालयातला परीक्षक. त्याचे गुण आले की मूळ गुणांशी तुलना. फरक फार मोठा निघाला तर बऱ्याच विद्यापीठांत पेपर तिसऱ्या परीक्षकाकडे जातो. फरक ठरावीक टक्क्यांपेक्षा कमी असेल तर मूळ गुणच कायम राहतात. शेवटी लेजरमध्ये, म्हणजे गुणांच्या नोंदवहीत, दुरुस्ती आणि नवीन गुणपत्रिका.

रखडपट्टी सगळ्यात जास्त होते ती परीक्षकाच्या टप्प्यावर. विषय वेगळा असेल, शिकवणारे मोजकेच असतील आणि त्यातले निम्मे मूळ तपासणीत अडकलेले असतील, तर उरतात किती? त्यातच मागच्या सत्राचं मानधन थकलेलं असेल तर कोणी लॉगिनच करत नाही. तेवढ्यात पुढच्या सत्राचे पेपर येऊन पडतात, कॅप सेंटर त्याच्या मागे लागतं आणि पुनर्मूल्यांकन बाजूला पडतं. दुसरी जागा शेवटच्या टप्प्यावर: निकाल लागलेला असतो, लेजरमध्ये मात्र चढलेला नसतो. चौथ्या सत्राचा पुनर्मूल्यांकनाचा निकाल चढला नाही म्हणून सहाव्या सत्राच्या निकालापुढे 'आरएलई' किंवा 'रिझर्व्ह' (आधीच्या सत्राचा निकाल बाकी म्हणून राखून ठेवलेला) लागतं. विद्यार्थी सहाव्या सत्राच्या खिडकीवर विचारत बसतो आणि काम अडलेलं असतं दोन सत्रं मागे. याचिकेत मागणी चुकीच्या सत्राची केली तर विद्यापीठाचा वकील सरळ सांगतो की त्या सत्राचं काहीच बाकी नाही, आणि ते खरंही असतं.

एक मोठी व्यवस्था एकदम बदलली तर काय होतं, ते 2017 मध्ये मुंबई विद्यापीठात सगळ्यांनी पाहिलं. त्या उन्हाळ्यात सुमारे 17 लाख उत्तरपत्रिका पडद्यावर तपासायचं ठरलं. स्कॅनिंग आणि परीक्षकांचं प्रशिक्षण या दोन्हींची घडी बसली नाही. कुलपती सी. विद्यासागर राव यांनी दिलेली 31 जुलैची मुदत हुकली, प्रकरण हायकोर्टात गेलं आणि 24 ऑक्टोबर 2017 रोजी कुलगुरू संजय देशमुख यांना पदावरून दूर करण्यात आलं. विधी शाखेचे निकाल सर्वांत मागे राहिलेल्यांत होते. मूळ निकालच इतके लांबले की पुनर्मूल्यांकन पुढच्या सत्राच्या परीक्षांवर जाऊन आदळलं. तेव्हापासून विद्यार्थी अशा कामासाठी कोर्टात जायला तितके बिचकत नाहीत, हा त्याचा एक परिणाम म्हणावा लागेल.

मुदत कोणती, ते आधी शोधा

महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, 2016 च्या कलम 89 प्रमाणे परीक्षा संपल्यापासून 30 दिवसांत निकाल लावण्याचा प्रयत्न करायचा आणि कोणत्याही परिस्थितीत 45 दिवसांत तो लावायचा. तेवढ्यात जमलं नाही तर परीक्षा व मूल्यमापन मंडळाच्या संचालकांनी उशिराची कारणं देणारा सविस्तर अहवाल कुलपतींना आणि शासनाला पाठवायचा. हा अहवाल पाठवला का, हा प्रश्न माहिती अधिकारात विचारण्यासारखा आहे. उत्तर "नाही" आलं की ते उत्तरच याचिकेला जोडता येतं.

पण कलम 89 मूळ निकालाबद्दल बोलतं. पुनर्मूल्यांकनाची मुदत विद्यापीठाच्या अध्यादेशात किंवा त्या परीक्षेच्या परिपत्रकात असते, आणि याचिकेत उल्लेख तिचाच हवा. परिपत्रक संकेतस्थळावरून अचानक नाहीसं होऊ शकतं, म्हणून दिसलं त्याच दिवशी पत्ता आणि तारीख दिसेल अशी प्रिंट काढून ठेवा. मुदत कुठेच लिहिलेली नसेल तर 'वाजवी कालावधी'चं तत्त्व उरतं. पुढच्या परीक्षेचा फॉर्म किंवा प्रवेशाची तारीख निघून गेल्यावर आलेल्या निकालाचा उपयोगच नाही, हे वाजवीपणाचं सगळ्यात सोपं माप आहे.

आरोग्य विज्ञान विद्यापीठाचा कायदा वेगळा आहे. खासगी आणि अभिमत विद्यापीठांचे नियमही वेगळे, आणि गोवा विद्यापीठाला महाराष्ट्राचा कायदा लागू नाही. दुसऱ्याची याचिका समोर ठेवून कलम 89 उतरवून काढणारे इथे फसतात.

छायांकित प्रत आणि माहितीचा अधिकार

पुनर्मूल्यांकनाआधी उत्तरपत्रिकेची छायांकित प्रत घ्याच. ऑगस्ट 2011 मध्ये आदित्य बंदोपाध्याय प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तपासलेली उत्तरपत्रिका ही 'माहिती' आहे आणि विद्यार्थ्याला ती पाहता येते, असं ठरवलं. विद्यापीठाच्या स्वतःच्या योजनेतून प्रत मागितली तर तिथलं शुल्क लागतं. माहिती अधिकारात मागितली तर त्या कायद्याचे दर, म्हणजे अर्जाला 10 रुपये आणि पानाला 2 रुपये. मात्र माहिती अधिकाराला 30 दिवस लागतात आणि पुनर्मूल्यांकनाच्या अर्जाची खिडकी त्याआधीच बंद होते. म्हणून प्रत विद्यापीठाच्या योजनेतून घ्यावी आणि माहिती अधिकार प्रश्न विचारायला राखून ठेवावा.

प्रत हातात आली की आधी गुणांची बेरीज करा, उत्तरं नंतर वाचा. आतल्या पानावर दिलेले गुण पहिल्या पानाच्या तक्त्यात उतरलेत का? एखादा प्रश्न तपासायचाच राहिलाय का? पुरवणी जोडलेली दिसते का? स्कॅन प्रतीत पान अर्धं कापलंय का, मधलं पान कोरं आलंय का, अक्षर तुमचंच आहे का? या चुका मतभेदाच्या नसतात, कागदावर दिसतात. रणविजय सिंह प्रकरणाच्या चौकटीतही त्या बसतात. परीक्षकाने कमी गुण दिले, हे मत झालं. प्रश्न 3-ब वर एकही खूण नाही, ही वस्तुस्थिती झाली. अशी चूक सापडली तर पानाचा क्रमांक लिहून गुणपडताळणीचा वेगळा अर्ज करा.

माहिती अधिकारात विचारायचे प्रश्न छोटे आणि तारखांचे ठेवा: माझी उत्तरपत्रिका पुनर्मूल्यांकनासाठी परीक्षकाकडे कोणत्या तारखेला दिली, गुण कोणत्या तारखेला परत आले, या विषयात एकूण किती अर्ज आले आणि किती पूर्ण झाले, उत्तरपत्रिका किती काळ जपून ठेवण्याचा नियम आहे. परीक्षकाचं नाव मागू नका. ते कलम 8(1)(छ) खाली नाकारलं जातं आणि त्या एका मुद्द्यावर सगळा अर्ज लोंबकळतो. जपणुकीचा प्रश्न महत्त्वाचा, कारण प्रत पाहण्याचा हक्क उत्तरपत्रिका अस्तित्वात असेपर्यंतच आहे. नियमाप्रमाणे ती नष्ट झाली की विषय संपतो.

आधीच्या पायऱ्या

कोर्टात पहिला प्रश्न येतो, "तक्रार निवारण समितीकडे गेला होता का?" यूजीसीच्या 2023 च्या नियमांप्रमाणे प्रत्येक संस्थेत विद्यार्थी तक्रार निवारण समिती आणि विद्यापीठ पातळीवर लोकपाल असायला हवा. निकालाला वेळापत्रकापेक्षा उशीर होणं ही त्या नियमांत स्वतंत्र तक्रार म्हणून धरलेली आहे. समितीने 15 कामकाजाच्या दिवसांत अहवाल द्यायचा, पटला नाही तर 15 दिवसांत लोकपालाकडे अपील करायचं आणि लोकपालाने ते 30 दिवसांत निकाली काढायचा प्रयत्न करायचा. लोकपालही नुसता पेपर पुन्हा तपासण्याचा अर्ज ऐकत नाही, विशिष्ट गैरप्रकार दाखवावा लागतो. उशिराची तक्रार मात्र ऐकतो. सगळा क्रम पार पाडायचा तर दोन महिने जातात, आणि फॉर्मची तारीख त्याआधी येत असेल तर थांबण्यात अर्थ नाही. तक्रार दाखल करून ठेवा, तिची प्रत जोडा, आणि तारीख जवळ आल्यामुळे थांबता येत नाही हे याचिकेत एका परिच्छेदात लिहा. एवढं पुरतं.

ग्राहक आयोगाकडे जाण्याचा सल्ला अजूनही कोणी ना कोणी देतोच. बिहार परीक्षा मंडळाच्या 2009 च्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने परीक्षा घेणं ही ग्राहक कायद्याखालची 'सेवा' नाही असं म्हटलंय. ती वाट बंद समजा.

खरी मदार मागणीपत्रावर. ते भावनिक नको, लांबही नको. साधारण असं:

"मा. संचालक, परीक्षा व मूल्यमापन मंडळ, यांस. चौथ्या सत्राच्या दोन विषयांच्या पुनर्मूल्यांकनासाठी मी दिनांक 2 ऑगस्ट रोजी अर्ज केला व शुल्क भरले. अर्ज व पावतीची प्रत सोबत जोडली आहे. आपल्या परिपत्रकातील मुदत संपली असून निकाल जाहीर झालेला नाही. हिवाळी परीक्षेचा अर्ज भरण्याची शेवटची तारीख 10 ऑक्टोबर आहे. हे पत्र मिळाल्यापासून सात दिवसांत निकाल जाहीर करावा, अथवा तो कोणत्या तारखेपर्यंत जाहीर होईल ते लेखी कळवावे. दरम्यान माझ्या उत्तरपत्रिका व त्यांच्या स्कॅन प्रती नष्ट करू नयेत. अन्यथा मला उच्च न्यायालयात दाद मागावी लागेल."

हे पत्र आवक विभागात देऊन शिक्का आणि क्रमांकासह पोच घ्या. शिवाय स्पीड पोस्टने आणि ईमेलनेही पाठवा. एक प्रत कुलसचिवांना, एक प्राचार्यांना. खिडकीवरचा माणूस "साहेब आले की देतो" म्हणाला तर ती पोच होत नाही. हायकोर्टाचं कामकाज इंग्रजीत चालतं, मराठी कागद जोडला की सोबत इंग्रजी तर्जुमा लागतो. म्हणून पत्र सुरुवातीपासून दोन्ही भाषांत तयार ठेवलेलं बरं.

आणि सगळ्यात महत्त्वाचं: निकालाची वाट बघत एटीकेटीचा फॉर्म भरायचा टाळू नका. "फॉर्म भरला म्हणजे मी नापास झाल्याचं मान्य केलं" ही समजूत चुकीची आहे. फॉर्म भरा, आणि पुनर्मूल्यांकनाचा हक्क राखून फॉर्म भरत आहे असं एका ओळीचं पत्र महाविद्यालयाला द्या. निकाल वेळेत आला तर परीक्षा द्यायची गरज उरणार नाही, आला नाही तर सत्र वाचेल.

याचिका

कुठे दाखल करायची, हे महाविद्यालयाच्या जिल्ह्यावरून आणि विद्यापीठाच्या मुख्यालयावरून ठरतं. ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूर सर्किट बेंच सुरू झाल्याने कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्गची कामं तिकडे जातात. मुंबई विद्यापीठाची रत्नागिरी-सिंधुदुर्गातली महाविद्यालयं आणि पुणे विद्यापीठाची अहिल्यानगरातली महाविद्यालयं (तो जिल्हा छत्रपती संभाजीनगर खंडपीठाकडे येतो) हा घोळ नेहमीचा. मुख्यालय एका खंडपीठाच्या हद्दीत, महाविद्यालय दुसऱ्याच्या. दाखल करण्याआधी वकिलाकडून हे नक्की करून घ्या, नाहीतर पहिली तारीख त्यातच जाते.

प्रतिवादी कोण, यात चूक झाली तर आदेश हातात असूनही काम होत नाही. विद्यापीठ आणि परीक्षा मंडळाचे संचालक हे उघडच आहेत. तात्पुरता प्रवेश हवा असेल तर महाविद्यालय हवं. पुढचा प्रवेश दुसऱ्या विद्यापीठात असेल तर तेही हवं, आणि प्रवेश सीईटी कक्षामार्फत असेल तर राज्य शासन आणि कक्ष दोन्ही. जो प्रतिवादी नाही, तो आदेश पाहून खांदे उडवतो.

याचिकेत सगळ्यात आधी वाचली जाते तारखांची यादी. समजा शेवटचा पेपर 5 मे, निकाल 28 जून म्हणजे 54 व्या दिवशी, छायांकित प्रतीचा अर्ज 6 जुलै, प्रत मिळाली 29 जुलै, पुनर्मूल्यांकनाचा अर्ज 2 ऑगस्ट, मागणीपत्र 17 सप्टेंबर, फॉर्मची शेवटची तारीख 10 ऑक्टोबर. कलम 89 ची मुदत 19 जूनला संपली होती, हेही त्या ओळीत लिहायचं. एका पानात प्रकरण कळलं पाहिजे. वर्गातला पहिला नंबर, घरची परिस्थिती, प्राध्यापकांशी झालेली खडाजंगी यांतलं काहीही त्या पानावर नको.

मागण्या मोजक्या. पहिली, अमुक दिवसांत पुनर्मूल्यांकनाचा निकाल जाहीर करून दुरुस्त गुणपत्रिका द्यावी. दुसरी, तोपर्यंत पुढच्या वर्गात तात्पुरता प्रवेश आणि परीक्षेला बसण्याची परवानगी. तिसरी, उत्तरपत्रिका आणि स्कॅन प्रती जपून ठेवाव्यात. अंतरिम मागण्या वेगळ्या परिच्छेदात. "गुण वाढवून द्यावेत" ही मागणी सोबत घातली की विद्यापीठ उशिराबद्दल गप्प बसून नेमक्या त्याच मागणीवर 1984 पासूनचे निवाडे वाचू लागतं.

एकाच अभ्यासक्रमाच्या, एकाच सत्राच्या विद्यार्थ्यांनी एकत्र याचिका केली तर खर्च वाटला जातो. वेगवेगळ्या सत्रांची मोट बांधू नका. प्रत्येकाच्या तारखा निराळ्या निघतात आणि एकाचं काम झालं की बाकीच्यांच्या कामातला जोर जातो. विद्यार्थिनी, अनुसूचित जाती-जमातींचे आणि दिव्यांग विद्यार्थी यांना विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम 12 खाली उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. हायकोर्टातल्या विधी सेवा समितीकडे अर्ज करायचा. ही गोष्ट महाविद्यालयांच्या सूचनाफलकावर कधी दिसत नाही, खरं तर दिसायला हवी. स्वतः उभं राहून प्रकरण चालवायचं असेल तर आधी रजिस्ट्रीच्या, म्हणजे कोर्टाच्या कार्यालयाच्या, छाननीतून जावं लागतं, त्याचा वेळ धरा.

दाखल केल्यावर लगेच नियमित क्रमांक मिळत नाही. मुंबईत मूळ शाखेत 'लॉजिंग', अपील शाखेत 'स्टॅम्प' क्रमांक मिळतो आणि रजिस्ट्री हरकती काढते: पानांचे क्रमांक, पुसट प्रती, तर्जुमा नसणं, प्रतिज्ञापत्रावरची तारीख. हरकती दूर होईपर्यंत प्रकरण बोर्डावर, म्हणजे सुनावणीच्या यादीत, येत नाही. निकड असेल तर वकील प्रिसीपी (लेखी विनंतीची चिठ्ठी) देऊन खंडपीठापुढे मेन्शनिंग करतात, म्हणजे प्रकरण लवकर घ्यावं अशी तोंडी विनंती करतात. तिथे मिनिटभर मिळतो आणि त्या मिनिटात एकच वाक्य सांगायचं असतं: फॉर्मची तारीख अमुक आहे. म्हणून तारखेच्या आदल्या संध्याकाळी कोर्टात धावण्यात अर्थ नाही. दहा-बारा दिवस हातात ठेवून दाखल केलं तर विद्यापीठाच्या वकिलाला प्रत पोचवता येते, त्याला सूचना घ्यायला वेळ मिळतो, आणि कोर्टाला "इतके दिवस काय करत होता?" असं विचारावं लागत नाही. मे महिन्याची आणि दिवाळीची सुट्टी कॅलेंडरवर आधीच पाहून ठेवा. सुट्टीतल्या कोर्टात फक्त तातडीचं घेतात, आणि ही तातडी पटवून द्यावी लागते.

आदेश कसा वाचायचा

अशा याचिकांत लांबलचक निवाडा क्वचितच लागतो. बऱ्याचदा पहिल्या किंवा दुसऱ्या तारखेला विद्यापीठाचे वकील अधिकाऱ्यांकडून सूचना घेऊन सांगतात की निकाल अमुक तारखेपर्यंत लावू. प्रत पोचल्यावर, सुनावणीआधीच, निकाल पोर्टलवर झळकतो असंही होतं. मग याचिका निरर्थक झाली म्हणून निकाली निघते. हवं होतं ते मिळालेलं असतं, नाराज व्हायचं कारण नाही. गुण तेवढेच राहिले असतील तर तो आता वेगळा प्रश्न आहे, आणि त्याला वरच्या सूत्रांची सगळी बंधनं लागू.

वकिलांनी दिलेली तारीख आदेशात कशी उतरते, त्यावर सगळं अवलंबून. "विद्यापीठाच्या वकिलांनी असे सांगितले" एवढंच लिहिलं तर ते नुसतं विधान राहतं. "हे विधान न्यायालयाला दिलेली हमी म्हणून स्वीकारण्यात येते" असं लिहिलं की वजन बदलतं. न्यायालयाला दिलेल्या हमीचा जाणूनबुजून केलेला भंग 1971 च्या न्यायालय अवमान कायद्याच्या कलम 2(ब) खाली दिवाणी अवमान ठरतो. हे शब्द कोर्टात उभं असतानाच मागायचे असतात. आदेश अपलोड झाल्यावर वाचून हळहळण्यापेक्षा वकिलाला आधीच सांगून ठेवा. तारीख आकड्यात असावी. 'लवकरात लवकर' या शब्दांवर पुढे काहीच उभं राहत नाही. मुदत चुकली तर त्याच याचिकेत परत येण्याची मुभा मागून घ्यावी, म्हणजे नवी याचिका करावी लागत नाही.

अंतरिम आदेशाने मिळालेला प्रवेश याचिकेच्या निकालाच्या अधीन असतो आणि त्याने कोणताही हक्क निर्माण होत नाही, असं आदेशातच लिहिलेलं असतं. पुनर्मूल्यांकनात विषय सुटला नाही तर पुढच्या वर्गात दिलेली परीक्षा वाया जाऊ शकते. सहानुभूती म्हणून प्रवेश कायम करा, हा युक्तिवाद सर्वोच्च न्यायालयाने वारंवार नाकारलाय. फी भरताना हे माहीत असू द्या.

आदेशाची प्रमाणित किंवा अधिकृत प्रत त्याच आठवड्यात परीक्षा विभागात आणि महाविद्यालयात आवक करून पोच घ्या. आदेश झाला म्हणजे विभागाला कळलं, असं धरून चालू नका. वकिलाकडून फाइल परत परीक्षा विभागात पोचायला वेळ लागतो. मुदत उलटली तर आधी एक साधं पत्र द्या आणि मग अवमान अर्ज करा. त्याला एक वर्षाची मर्यादा आहे.

निकाल लागल्यावर तीन ठिकाणी तपासा: पोर्टल, गुणपत्रिका आणि महाविद्यालयाचं लेजर. पोर्टलवर विषय सुटलेला आणि लेजरमध्ये जुनेच गुण, हे नेहमी दिसतं. पुढे एकत्रित गुणपत्रिका किंवा पदवी प्रमाणपत्र निघताना तेच जुने गुण वर येतात. जुनी गुणपत्रिका जमा करताना तिची प्रत आणि जमा केल्याची पोच ठेवा. महाडीबीटीवर शिष्यवृत्तीचा अर्ज जुन्या गुणपत्रिकेवर अडलेला असेल तर नवीन गुणपत्रिका आणि आदेशाची प्रत जोडून महाविद्यालयाच्या लॉगिनमधून तो पुन्हा पाठवायला सांगा. पोर्टलची मुदत संपली असेल तर समाजकल्याण किंवा संबंधित विभागाच्या जिल्हा कार्यालयात आदेशाच्या प्रतीसह लेखी अर्ज द्यावा लागतो.